मासा माझा, भिंत मेष्ट्रूंची

माझ्या दुकानातला मासा विकत घ्यायला कोणी आलं, की गुंडेराव मेष्ट्रु त्याला आधी विचारायचे, "भिंत कुठली देणार?"

नाव नाही, गाव नाही, खिशाला परवडतंय का हेसुद्धा नाही. भिंत. आलेला माणूस गोंधळून माझ्याकडे बघायचा. मी वर बघायचो. वर छताच्या हुकांना, भिंतीला लागून, तो मासा टांगलेला. चोचीच्या टोकापासून शेपटीपर्यंत जवळजवळ नऊ फूट, आणि पाठीवर अर्ध्या उघडलेल्या छत्रीसारखं शीड.

एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो. मासा माझा होता. पावती माझ्या नावावर होती. दुकान भाड्याचं असलं तरी छताचे हुक मी स्वतः ठोकून घेतलेले. गुंडेराव मेष्ट्रूंचा त्या माशावर कागदोपत्री काडीचा हक्क नव्हता. तरी दोन वर्षं मला तो विकता आला नाही. निपाणीहून एक पिशवी घेऊन या बेंगळुरात उतरलेला मी, लोकांच्या खुर्च्या डोक्यावरून वाहत स्वतःचं दुकान काढलेला मी, पाय मोडलेलं टेबल 'जुन्या काळचं' म्हणून विकून दाखवलेला मी. आणि मला एक मेलेला मासा विकता येईना. हे लिहितानाही कपाळाची शीर उडते.

माझं दुकान राजाजीनगरात. जुनं फर्निचर घ्यायचं आणि विकायचं. कोरमंगलात रोज एक कंपनी उघडते आणि रोज एक बंद पडते. उघडणारी मला ओळखत नाही. बंद पडणारीचा पहिला फोन मात्र मला येतो. घासाघिशीची माझी पद्धत ठरलेली आहे. आधी आवाज चढवायचा, मग उठायचं, मग बाहेर जाऊन स्कूटरला किल्ली लावायची. किल्ली लावेपर्यंत आतून हाक येतेच. सौद्याच्या ठिकाणी माझ्या स्कूटरचं इंजिन सहसा सुरू होत नाही.

दोन वर्षांपूर्वी शहरातल्या एका जुन्या कॉलेजाने आपलं प्राणिशास्त्राचं म्युझियम मोडीत काढलं. मला हवी होती काचेची कपाटं. अस्सल सागवानी, आजकाल डोळ्यांनी दिसत नाहीत अशी. तिथला क्लार्क म्हणाला, कपाटं न्यायची तर मासाही न्यायचा, सुटं काही मिळणार नाही. मी दोन तास भांडलो. तीनदा उठलो. शेवटी मासा उचलून नेण्याच्या बदल्यात त्याने सगळ्या मालाची किंमतच खाली आणली. म्हणजे माशाचे पैसे दिले नाहीत ते नाहीतच, उलट घेतले. असा सौदा माझ्या आयुष्यात दुसरा झाला नाही. घरी येऊन बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "बरं, मग ठेवणार कुठं?"

तिसऱ्या दिवशी दुकानात एक म्हातारा आला. इस्त्रीचा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, खिशाला पेन. मी नुकतीच पुसलेली खुर्ची त्याने स्वतःच्या रुमालाने परत पुसली, बसला, वर बघितलं आणि म्हणाला, "ह्याचं डावं अंग भिंतीकडं केलंय तुम्ही."

"मग?"

"डावखुरा आहे तो."

"काका, मासा मेलाय."

"मेलाय," ते म्हणाले. "पण डावखुरा मेलाय."

हे गुंडेराव. मूळचे अथणीचे. त्या कॉलेजाच्या म्युझियममध्ये चौतीस वर्षं अटेंडंट होते. झाडणं, पुसणं, बाटल्यांमधल्या सापांचं पाणी बदलणं, आणि प्रोफेसर चहाला गेले की मुलांना मासा समजावून सांगणं. कॉलेजात त्यांना 'ए गुंडप्पा' म्हणायचे. राजाजीनगरात आमच्या गल्लीने त्यांना मेष्ट्रु करून टाकलं. मेष्ट्रु म्हणजे कानडीत मास्तर. जन्मात ज्यांनी एकही तास घेतला नाही त्यांना गल्लीने ही पदवी का दिली, ते तुम्ही त्यांच्यासमोर पाच मिनिटं उभे राहिलात तर कळेल. आणखी एक सांगायचं म्हणजे मेष्ट्रु पक्के शाकाहारी. मासा त्यांनी कधी तोंडात घातला नाही. समुद्रही, त्यांच्याच म्हणण्याप्रमाणे, "बसमधनं एकदा दिसला होता, कारवारकडं."

त्या दिवसापासून ते रोज यायला लागले. अकराला यायचे, दोनला जेवून झोपायला घरी, चारला परत, ते मी शटर ओढेपर्यंत. पहिल्याच आठवड्यात शिडीवर चढून त्यांनी मासा फिरवून घेतला. शिडी मीच धरली होती. का धरली, अजून कळलेलं नाही.

आता मासा. मला मासे कळतात ते ताटातले, बांगडा आणि सुरमई एवढेच. ह्याला मी आपला 'तलवार मासा' म्हणायचो. मेष्ट्रु दरवेळी हात वर करायचे. "स्वल्प तडीरी." म्हणजे जरा थांबा. हे त्यांचं दिवसातून शंभर वेळा. "तलवार मासा वेगळा, पाटीलरे. त्याची चोच चपटी. ह्याची गोल, भाल्यासारखी. हा शीडमासा. इंग्रजीत सेलफिश. शीड बघा की!"

शीड बघण्यासारखं होतं हे मी कबूल करतो. मानेपासून शेपटीच्या जवळपर्यंत उभा पडदा, त्यावर ठिपके, आतून काड्या. जोरात पोहताना हा मासा शीड मिटून पाठीच्या खाचेत घालतो म्हणे, आपण छत्री बगलेत मारतो तसं. बाकी अंगाचा रंग माझ्या मते जुन्या चामड्याच्या सुटकेससारखा. मेष्ट्रूंना हे चालत नसे. "तो भुसा भरल्यावरचा रंग. जिवंतपणी वर गडद निळा, खाली चांदी. आणि शिकारीला उतरला की अंगावर पट्टे उजळतात. निळे. दिवा लावल्यासारखे. काय रुबाब!"

तुम्ही पाहिलेत का, असं मी एकदा विचारलं. म्हणाले, "मी कुठं बघणार?" आणि पुढे सांगत राहिले.

गिऱ्हाईक आलं की पहिला धडा चोचीचा. येणाऱ्या प्रत्येकाला ते स्टुलावर चढवायचे आणि चोचीवरून बोट फिरवायला लावायचे. उजवी बाजू पॉलिश पेपरसारखी खरखरीत. तिथे बारीक बारीक दात आहेत. डावी बाजू गुळगुळीत. "जन्मभर डावीकडंच फटके मारले ह्यानं. दात झिजून गेले. ज्या अंगानं हा जगला ते अंग भिंतीकडं करायचं म्हणजे काय?" ऑफिसची टेबलं बघायला आलेला माणूस स्टुलावरून उतरताना स्वतःच्या बोटाकडे बघत उतरायचा.

दुसरा धडा रागाचा. कोणी चुकून म्हणालं की "बापरे, ह्या चोचीने भोसकत असेल नाही?" तर मेष्ट्रु खुर्चीतून उठायचे. "भोसकत नाही! भोसकला तर मासा चोचीवर बसला. मग काढणार कोण? हात आहेत का ह्याला?" आणि मग सगळं प्रात्यक्षिकासह.

प्रात्यक्षिकाला लागायच्या माझ्या चाकाच्या खुर्च्या. वीस-पंचवीस खुर्च्या ते दुकानाच्या मधोमध गोळा करायचे. "ह्या तारल्या, बारके मासे." स्वतः नाकासमोर लाकडी फूटपट्टी धरायचे. साठी ओलांडलेला माणूस नाकाला पट्टी लावून खुर्च्यांच्या कळपाभोवती फेऱ्या मारतो, हे माझ्या दुकानात रस्त्यावरूनही दिसायचं.

"घाई नाही. आधी खालनं घेरायचं, वर आणायचं. वर पाणी संपतं. तारली पळणार कुठं, आभाळात? मग शीड उभं. शीड कशाला? डोकं हलू नये म्हणून. डोकं हललं की नेम गेला. मग चोच हळूऽच आत. तारलीला कळतसुद्धा नाही, इतकी बारीक. आणि मग..."

फट्. एक खुर्ची गरकन फिरून कपाटावर आदळायची. माझ्या कपाटावर.

"लगेच खायचं नाही. खवले उडाले, जखम झाली, दमली, की मग. आणि एकावेळी एकच. बाकीचे शीडमासे बाजूला फिरत राहतात. ज्याचे पट्टे उजळले त्याची पाळी."

एकदा कोरमंगलातल्या एका कंपनीची कीर्ती नावाची पुण्याची मुलगी चाळीस खुर्च्या न्यायला आली होती. तिने हे सगळं पाहिलं आणि म्हणाली, "काका, किती अमेझिंग आहे हे! तुम्ही आमच्या टीम-बिल्डिंगला येऊन सांगाल का?" मेष्ट्रु गेले. खुर्च्यांच्या टेम्पोतूनच गेले, पुढे माझ्या शेजारी बसून, पट्टी मांडीवर. तिथे पन्नासेक पोरं-पोरी जमल्या. पाळीपाळीने शिकार करण्याचा भाग आला तेव्हा त्यांचा साहेब उठून टाळ्या वाजवायला लागला. "एक्झॅक्टली! हेच कोलॅबरेशन!"

"स्वल्प तडीरी," मेष्ट्रु म्हणाले. "प्रेमानं थांबत नाहीत हो ते. सगळे एकदम घुसले तर एकाची चोच दुसऱ्याच्या डोळ्यात जाईल. म्हणून थांबतात."

मागून कोणीतरी विचारलं, "आणि तारल्यांचं काय होतं?"

"संपेपर्यंत चालतं," मेष्ट्रु म्हणाले.

सहा महिन्यांनी ती कंपनी बंद पडली. त्याचा मेष्ट्रूंशी काही संबंध नाही. पण चाळीसच्या चाळीस खुर्च्या माझ्याकडे परत आल्या.

एवढ्यावर भागलं असतं तर मी हे लिहायला बसलो नसतो. माझा राग माशाच्या गिऱ्हाइकांवरून आहे. येत होती की गिऱ्हाइकं! एक जोडपं आलं, त्यांना हॉलमध्ये सोफ्याच्या वर मासा हवा होता. मेष्ट्रूंनी विचारलं, भिंत कुठली, तिथे ऊन येतं का, घरी पाहुणेरावळे असतात का, मांजर आहे का. मुलीकडचे लोक स्थळाची चौकशी करतात तशी. मांजर होतं. जोडपं गेलं.

मग देवनहळ्ळीकडचा एक बिल्डर आला. विमानतळाजवळ बंगल्यांचा मोठा लेआउट, त्याच्या क्लब-हाउससाठी त्याला मासा हवा होता. आल्या आल्या त्याने माझी किंमत मान्य केली. वाद नाही, काही नाही. मला जरा अपमान वाटला, पण मी गिळला.

"भिंत कुठली देणार?" मेष्ट्रु.

"पश्चिमेची. तेवढी एकच रिकामी आहे. आणि वास्तुवाल्याने सांगितलंय, माशाचं तोंड उत्तरेला पाहिजे."

मेष्ट्रूंनी डोळे मिटून हवेत मासा फिरवून बघितला. "पश्चिमेच्या भिंतीवर डावं अंग दाखवलं, तर तोंड दक्षिणेला जातं."

"दक्षिण म्हणजे यमाची दिशा हो! उजवं अंग दाखवा, तोंड उत्तरेला येईल."

"उजवं दाखवायचं नाही."

"का?"

"डावखुरा आहे."

बिल्डरने माझ्याकडे बघितलं. मी माझ्या चपलांकडे बघितलं. बिल्डर समजुतीच्या आवाजात म्हणाला, "अहो, काहीतरी करून फिरवता येईल की."

"येईल," मेष्ट्रु म्हणाले. "पोट वर करून."

बिल्डर गेला. मी इतका ओरडलो की समोरचा बेकरीवाला हातातलं काम टाकून दारात येऊन उभा राहिला. "मेष्ट्रु, हे दुकान आहे, तुमचं म्युझियम नाही! मासा माझा आहे! पावती दाखवू का? उद्यापासून इकडे फिरकायचं नाही, सांगून ठेवतो!" मेष्ट्रूंनी सगळं ऐकून घेतलं. मग माशाच्या शेपटीवरची धूळ फडक्याने टिपत म्हणाले, "तुम्ही भोसकता, पाटीलरे."

दुसऱ्या दिवशी अकराला हजर. हातात बेकरीच्या खारी बिस्किटांची पुडी, अर्धी माझ्यासाठी.

हे असंच चाललं असतं. पण यंदा मालकाने इमारत पाडायला काढली आणि आम्हा सगळ्यांना महिनाअखेरपर्यंत दुकानं रिकामी करायला सांगितलं. मला जवळच जागा मिळाली, पण तळघरात. छत ठेंगणं, आणि जिन्याचं वळण असं की नऊ फुटांचा मासा त्यातून आत जाणं शक्य नाही. मी टेप घेऊन तीनदा मोजलं. म्हणजे महिनाअखेरच्या आत मासा विकायचा, नाहीतर इमारतीबरोबर तोही जाणार. मेष्ट्रूंना हे सांगितलं. ते म्हणाले, "स्वल्प तडीरी."

मी थांबलो नाही. कोरमंगलात रोहन नावाच्या एका नागपूरच्या मुलाने कॉम्प्युटरची नोकरी सोडून माशांचं हॉटेल काढलं होतं. नागपूरचा माणूस बेंगळुरात समुद्र विकतो, असं हे शहर आहे. दोन महिन्यांत हॉटेल चांगलं चाललं होतं आणि त्याला भिंतीवर काहीतरी भव्य हवं होतं. मी त्याला मुद्दाम अडीच वाजता बोलावलं. मेष्ट्रूंच्या झोपेची वेळ.

"काका, बेसिकली हा स्टेटमेंट पीस आहे," रोहन मान वर करून म्हणाला.

मी म्हटलं, आहेच. दोन वर्षं स्टेटमेंटशिवाय दुसरं काही त्याने केलेलं नाही.

वीस मिनिटांत सौदा झाला. स्कूटरपर्यंत जावंसुद्धा लागलं नाही. शनिवारी सकाळी अकराला टेम्पो येणार असं ठरलं, आणि मी माशाच्या शेपटीला 'विकला' अशी चिठ्ठी बांधून टाकली.

चारला मेष्ट्रु आले. चिठ्ठी वाचली. मी भांडणाच्या तयारीत होतो. दोन तास जुळवाजुळव करून ठेवली होती: पावती, भाडं, तळघर, जिन्याचं वळण, सगळं क्रमाने.

"विकला?"

"विकला."

"कुणाला?"

"कोरमंगलात. हॉटेलवाल्याला."

"बरं," ते म्हणाले. रुमालाने खुर्ची पुसली. पण बसले नाहीत. थोडा वेळ उभे राहिले आणि निघून गेले.

भिंत विचारली नाही.

दुसऱ्या दिवशी आले नाहीत. तिसऱ्या दिवशी नाहीत. मला बरंच वाटायला हवं होतं. पण झालं असं की सामान आवरताना गिऱ्हाइकं यायची, वर बघायची आणि विचारायची, हे काय आहे? मी म्हणायचो, मासा. मग विचारायची, हा भोसकतो का? एका बाईंना मी म्हटलं, "भोसकला तर काढणार कोण?" आणि पुढचं सगळं तोंडातून आपोआप बाहेर आलं, तारल्या, शीड, पट्टे. एक खुर्चीही फिरवून दाखवली. बाई गेल्यावर मला स्वतःचाच भयंकर राग आला.

शनिवार उजाडला. मासा उतरवायला दोन हमाल येणार होते, पण त्यांना शिडाला हात कुठे लावायचा ते कोण सांगणार? शीड फाटलं तर रोहन तेवढ्यावरून घासाघीस करेल, मी केलीच असती. म्हणून, केवळ म्हणून, सकाळी नऊला मी मेष्ट्रूंच्या घरी गेलो.

दोन वर्षांत कधी गेलो नव्हतो. मागच्या गल्लीत, पिठाच्या गिरणीच्या वर एक खोली. खाली घरमालकीण अक्का ओटा धूत होत्या. "वरच आहेत," त्या म्हणाल्या. "चार दिवस खाली उतरले नाहीत. बरं नाही का विचारलं, तर म्हणतात बरं आहे."

दार उघडंच होतं. एक खाट, एक शेगडी, दोरीवर दोन शर्ट. आणि समोरची भिंत. अख्खी रिकामी. कॅलेंडरसुद्धा नाही. खिडकी बाजूला, त्यामुळे ऊन अंगावर येत नाही. वर दोन जाड हुक. माझ्या डोळ्याला मापं कळतात. माझ्या दुकानातले हुक जेवढ्या अंतरावर आहेत, बरोबर तेवढ्याच अंतरावर.

माझं डोकं फिरलं. "मेष्ट्रु, ही भिंत आहे की! दोन वर्षं लोकांना भिंती विचारत बसलात, आणि ही काय आहे? घरी घेऊन या मासा! रोहनला मी बघून घेतो. घ्या, फुकट देतो!"

हा शब्द माझ्या तोंडातून त्याआधी कधी गेला नव्हता. बोलल्यावर मला माझीच जीभ परकी वाटली.

मेष्ट्रु खाटेवर बसले होते. "फुकटच देत होते," ते म्हणाले. "कॉलेजवाले. रिटायर झालो त्या दिवशी. म्हणून तर हुक ठोकून घेतले."

"मग?"

"मग संध्याकाळी बसलो इथं, भिंतीकडं बघत. म्हटलं, इथं आणला तर बघायला कोण येणार? ही जाऊन आठ वर्षं झाली. पोरंबाळं नाहीत. म्हणजे मी आणि तो. मला त्याचं सगळं ठाऊक, त्याला माझं. बोलायचं कुणी कुणाशी?"

बोलण्यासारखं होतं, पण आवाज चढवून बोलण्यासारखं नव्हतं, आणि मला दुसरं येत नाही.

"शेवटी शेवटी म्युझियमला कुणी येतच नव्हतं. पोरं फोनवर बघतात की सगळं. मी आपला रोज कुलूप काढून आत बसायचो. एकदा ऐकलं तर मी मोठ्यानं सांगत होतो, तारल्या कशा घेरतात ते. समोर कपाटं." ते थोडं हसले. "रिटायर झालो तरी जात होतोच. मग तुम्ही आलात, कपाटं बघायला. दोन तास भांडलात. भांडण ऐकायला किती माणसं जमली होती हो! प्रिन्सिपलसुद्धा. म्हटलं, ह्यांच्याकडं माणसं येतात. क्लार्कला सांगितलं, मासा ह्यांच्याच गळ्यात घाल."

"तुम्ही सांगितलंत?"

"होय की."

"आणि किंमत खाली आणली ती?"

"ती पण मीच सांगितली त्याला. म्हटलं, नाहीतर हे उठून जाणार."

माझ्या आयुष्यातला सगळ्यात मोठा सौदा त्या खोलीत असा दोन वाक्यांत संपला. मी खाटेच्या दुसऱ्या टोकाला बसलो. गिरणी सुरू झाली होती, खालून जमीन थरथरत होती.

"आणि त्या गिऱ्हाइकांना का पळवलंत?" मी शेवटी विचारलं.

"ते घरात टांगणार. नाहीतर क्लबात. तिथं कुलूप असतं. भिंत कुठली ते विचारलं की कळतं, तिथं कोण येणार-जाणार ते."

"मग हा रोहन? त्याला तर विचारलंही नाहीत."

"जागा चांगली आहे. हॉटेल आहे, माणसं येतात. त्याला कशाला आडवं जायचं?" मेष्ट्रु आपल्या तळहाताकडे बघत होते. "पण मी तिथं काय करणार, पाटीलरे? मासे खायचे नाहीत, आणि न खाता कोण बसू देतं? एकदा बसलो, दोनदा बसलो. तिसऱ्यांदा पोऱ्या येऊन विचारणारच, काय पाहिजे म्हणून."

मी खिशातून फोन काढला आणि रोहनला लावला.

"रोहन, एक अट सांगायची राहिली. माशाबरोबर एक खुर्ची येईल. हातांची, चांगली. तिचे पैसे नकोत."

"अरे वा, काका! थँक्यू."

"आणि खुर्चीत एक माणूस येईल."

"म्हणजे... तो काय करणार, काका?"

"बसणार. कोणी माशाबद्दल विचारलं तर सांगणार."

"आणि नाही विचारलं तर?"

"तरी सांगणार. त्याला दुपारी दही-भात लागतो."

"काका, आपला मेन्यू पूर्ण सीफूड आहे ना. दही-भात म्हणजे..."

"तुला तांदूळ मिळतो का? दही मिळतं का? मग अडचण काय आहे?" माझा आवाज चढला होता. खाली अक्कांचं ओटा धुणं थांबलं. "दही-भात ठेव, मी वर चार टेबलं पाठवतो. सागवानी!"

टेबलांचं बोलून गेल्यावर मी डोळे मिटले. अशी वाक्यं माझ्या तोंडून याआधी कोणी ऐकलेली नाहीत. रोहन लगेच म्हणाला, "डन, काका. लोणचं पण ठेवतो."

डोळे उघडले तेव्हा मेष्ट्रूंनी दोरीवरचा शर्ट अंगात घातला होता आणि बटणं लावत होते. खिशाला पेनही लागलं होतं.

"विचारा की त्याला," ते हळू म्हणाले, "माणसं किती वाजता यायला लागतात?"

मी विचारलं. रोहन म्हणाला, साडेबाराला.

मेष्ट्रूंनी घड्याळ बघितलं. साडेनऊ होत होते. मासा अजून माझ्या दुकानात हुकांना होता. हमाल आले नव्हते, टेम्पोला दीड तास होता, आणि राजाजीनगर ते कोरमंगला फार तर तासाभराचा रस्ता. हे सगळं मी त्यांना समजावून सांगितलं.

मेष्ट्रु तोवर दारात पोचले होते. चपला चढवताना त्यांचा एक पाय दोनदा चुकला.

"चला की, पाटीलरे," ते म्हणाले. "आपण पोचायच्या आत कोणी येऊन गेलं म्हणजे?"